शॉकअप बदलले तरी पुढचा ठक आवाज जाईना, आता काय करू?

प्रश्न : नमस्कार सर, माझी पेट्रोल सेडान आहे, नऊ वर्षं झाली, ८४,००० किलोमीटर पळालीय. राहतो कोल्हापुरात राजारामपुरीत, नोकरी शिरोली एमआयडीसीत, आणि आई-वडील गावाकडं साळवणला असतात म्हणून दर शनिवारी गगनबावडा रोडनं जाणं-येणं असतंय. गेल्या पावसाळ्यापासून पुढून डाव्या बाजूनं ठक असा आवाज येतोय. सारखा नाही, पार्किंगमधनं रिव्हर्स काढून ब्रेक मारला की एकदा ठक, परत पुढं घेऊन ब्रेक मारला की परत एकदा ठक. बारक्या खड्ड्यातनं हळू गेलं तरी येतो, हायवेला ८० च्या वर काहीच नाही. गॅरेजवाल्यानं शॉकअप गेलेत म्हणून पुढचे दोन्ही बदलले, आवाज आहे तसाच, आता म्हणतोय स्टेअरिंग रॅक बदलूया. खर्च ऐकून झोप उडालीय. डावा पुढचा टायर आतल्या बाजूनं खाल्लाय, आणि घाटात ब्रेक मारला की गाडी डावीकडं जाते असं बायको म्हणते, मला तेवढं जाणवत नाही. रॅक बदलू का थांबू?
एक वाचक, राजारामपुरी

उत्तर : थांबा. रॅकचे, म्हंजे स्टेअरिंग फिरवलं की चाकं वळवणाऱ्या यंत्रणेचे, पैसे अजून देऊ नका. निम्मं उत्तर तुम्हीच पत्रात लिहिलंय आणि राहिलेलं निम्मं वहिनींनी सांगितलंय. पुढं जाऊन ब्रेक मारला की ठक, मागं येऊन ब्रेक मारला की ठक, म्हंजे गाडीची दिशा बदलली की खाली काहीतरी पुढं-मागं सरकतंय आणि शेवटी लोखंडाला लोखंड लागतंय. शॉकअपचं काम गाडीच्या वर-खाली उसळण्याला आवर घालायचं. चाकाला पुढं-मागं जाऊ न देणं हे काम लोअर आर्मचं, म्हंजे चाकाला खालनं चेसीशी जोडणाऱ्या लोखंडी हाताचं, आणि तो आर्म ज्या दोन रबरी बुशांवर चेसीला धरलेला असतो त्यातला मागचा बुश गेला की हुबेहूब असाच आवाज येतो. ब्रेकच्या जोरानं डावं चाक मागं सरकतं, सरकलं की त्याचं तोंड थोडं वळतं आणि गाडी एका बाजूला ओढते, वहिनींच्या हाताला जे कळतंय ते हेच. टायर आतनं खाल्लाय तो पण बहुतेक त्याच कारणानं, चाक अलाइनमेंटला जिथं सेट केलं तिथं ते रस्त्यावर राहतच नाही.

आपल्याकडच्या बहुतेक फॅमिली सेडानला पुढं मॅकफर्सन स्ट्रट असतंय, अर्ल मॅकफर्सन नावाच्या अमेरिकन इंजिनियरनं १९४० च्या दशकात ही रचना बसवली. वर एक उभा स्ट्रट, म्हंजे स्प्रिंग आणि शॉकअप एकत्र, खाली एकच आर्म, बास. सुटसुटीत आहे, स्वस्त पडते, जागा कमी खाते, पण त्यामुळं ब्रेकचा आणि खड्ड्याचा पुढं-मागं आणि आडवा मार बहुतेक खालच्या त्या एका आर्मवर आणि त्याच्या दोन बुशांवर येतो. पुढचा बुश जरा कडक असतो, तो चाकाला सरळ धरतो. मागचा मोठा आणि मुद्दाम मऊ ठेवलेला असतो, खड्ड्याचा धक्का त्यानं गिळावा म्हणून. मऊ आहे म्हणून आधी तोच जातो.

आणि डावाच का गेला? तुमच्या रस्त्यावरनं मी पण जातो की. ऊस सुरू झाला की समोरनं दोन-दोन ट्रॉल्या लावलेला ट्रॅक्टर येतो, आपण डावं चाक साईडपट्टीवर उतरवतो, डांबर आणि मुरूम यांच्यात चार बोटांचा खटका असतो, ट्रॅक्टर गेला की परत त्याच खटक्यावरनं चाक वर चढवतो, फुलेवाडीपासून कळ्यापर्यंतच हे किती वेळा होतंय ते तुम्हीच आठवून बघा. तो प्रत्येक मार सरळ डाव्या पुढच्या आर्मच्या मागच्या बुशला. ह्या रस्त्यांवर चालणाऱ्या गाड्या मी बघतो त्यात डावी बाजू आधी गेलेली लई वेळा दिसते.

बुश म्हंजे काय ते एकदा हातात घेऊन बघाच. बाहेर लोखंडी कडं, आत लोखंडी नळी, मधी रबर, आणि ते रबर नुसतं ठासलेलं नसतं, कारखान्यात उष्णता देऊन दोन्ही धातूंना चिकटवून टाकलेलं असतं. आतली नळी बोल्टनं ब्रॅकेटमधी आवळून जाम होते, बाहेरचं कडं आर्मच्या डोळ्यात दाबून जाम बसतं, मग चाक वर-खाली झालं की फिरतं कोण? कोणीच फिरत नाही. मधलं रबर पिळतं आणि पीळ सोडून परत जाग्यावर येतं. बेअरिंगसारखं फिरायचं त्याचं काम नाही, पिळायचं आहे. एवढं पक्कं डोक्यात ठेवा, फिटिंगच्या वेळी ह्याच गोष्टीवर काम टिकतंय का बोंबलतंय ते ठरतं.

आता खात्री कशी करायची ते सांगतो, कारण माझ्या पत्रावर भरवसा ठेवून आर्म खोलू नका. ब्रेक मारल्यावर ठक येण्याची दुसरी पण कारणं आहेत, इंजिन ज्या रबरी पायांवर बसतं ते इंजिन माउंटिंग गेलं तरी येतो, ब्रेकचे पॅड धरणाऱ्या कॅलिपरमधी पॅड सैल झाला तरी येतो, आर्म ज्या आडव्या लोखंडी तुळईला लागतो त्या क्रॉस मेंबरचा बोल्ट ढिला असला तरी येतो. मोकळं मैदान बघा जिथं पोरंबाळं नाहीत, थोडासा उतार असला तर बरा. इंजिन चालूच ठेवा, बंद केलं तर ब्रेक दगडासारखा होतो. गाडी न्यूट्रलमधी माणूस चालतो तेवढ्या स्पीडनं सोडा आणि पायाचा ब्रेक मारा. न्यूट्रलमधी पण ठक आला तर इंजिन माउंटिंगवरचा संशय बराच कमी झाला, कारण इंजिनचा जोर चाकाला जातच नव्हता. मग तसंच परत करा पण थांबवताना पायाचा ब्रेक न वापरता हँडब्रेक हळू ओढून थांबवा. हँडब्रेक मागच्या चाकांना लागतो, पुढच्या आर्मवर ब्रेकचा जोर येत नाही. हँडब्रेकनं थांबवल्यावर आवाज नाही आणि पायाच्या ब्रेकनं आहे, तर दुखणं पुढच्या चाकापाशीच आहे हे नक्की झालं. दोन-तीनदा करा, खिडक्या खाली घेऊन, कोणाला तरी शेजारी चालायला सांगा, बाहेरच्या माणसाला बाजू लवकर कळते.

पुढचं काम खाली जाऊन बघायचं आहे आणि ते रॅम्पवर किंवा खड्ड्यावरच बघा. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली डोकं घालू नका, दोन मिनिटांसाठी पण नको, आणि कोणाला घालू पण देऊ नका. स्टँड पाहिजेत, मागच्या चाकाला दगड पाहिजे. मिस्त्रीला सांगा आर्म आणि क्रॉस मेंबरच्या मधी पहारीचं टोक घालून पुढं-मागं उचकटून दाखव. इथं लई जण फसतात बरं का, नवा बुश पण पहारीनं थोडा हलतोच, रबर आहे ते, हलणारच, म्हणून हलला की गेला असं नसतंय. बघायचं ते हे की रबर कड्यापासनं किंवा नळीपासनं सुटून मधी फट उघडतेय का, पहार सोडली की आर्म परत मधोमध येतो का एका बाजूला पडून राहतो, आणि ब्रॅकेटच्या आतल्या बाजूला नाण्याएवढा घासून चकचकीत झालेला डाग आहे का. तो डाग दिसला की विषय संपला, आर्म तिथं आपटतोय. वरवरच्या केसासारख्या बारीक चिरा जुन्या रबरावर असतातच, तेवढ्यावरनं बदलायला पळू नका. काही गाड्यांच्या मागच्या बुशमधी तेलासारखं द्रव भरलेलं असतं, तसल्या बुशखाली ओला काळा ओघळ दिसला तर तो फुटलाय.

त्याच वेळी चाक अधांतरी असताना हातानं पण हलवून घ्या. वर-खाली धरून हलवलं आणि खडखडलं तर बॉल जॉइंट (आर्मच्या चाकाकडच्या टोकाचा गोळ्याचा सांधा) किंवा व्हील बेअरिंग, डावी-उजवीकडं धरून खडखडलं तर टाय रॉड एंड (रॅकपासनं चाकाला जाणाऱ्या दांडीचं टोक), आणि मग कुठं रॅकचा विचार. खराब रस्त्यावर हळू जाताना एकसारखी टकटक असेल तर स्टॅबिलायझर बारला जोडणारे बारके लिंक रॉड बघा, ते बदलायला सोपं आणि स्वस्त. तुमचा आवाज मात्र एकेकटा ठक आहे.

बुश गेलाय हे दिसलं की गॅरेजमधी दोन पर्याय सांगतात, अख्खा आर्म बदला किंवा नुसते बुश दाबून बसवा. बॉल जॉइंट आर्मला रिव्हेट केलेला किंवा एकत्रच असेल आणि तो पण ढिला असेल तर चांगल्या कंपनीचा पूर्ण आर्म घ्या, कटकट मिटते. बॉल जॉइंट टाइट आहे, आर्म सरळ आहे, गंजून पातळ झालेला नाही, तर नुसते बुश बदलायला काहीच हरकत नाही आणि पैसे बरेच वाचतात. आपल्या कोल्हापुरात ही सोय मोठी आहे, ऑइल इंजिनांच्या काळापासून उद्यमनगरात लेथवाले, प्रेसवाले बसलेत, आर्म काढून नेला की हायड्रॉलिक प्रेसवर जुना बुश काढून नवा बसवून मिळतो. पण तिथं उभं राहून करून घ्या. आर्म देण्याआधी पांढऱ्या ऑइल पेंटनं जुन्या बुशची दिशा आर्मवर खूण करून ठेवा, कारण मागच्या बुशच्या रबरात मुद्दाम मोकळ्या जागा सोडलेल्या असतात, त्या ठरलेल्या दिशेलाच आल्या पाहिजेत, पाव फेरा जरी इकडं-तिकडं बसला तरी मऊ व्हायच्या बाजूला कडक आणि कडक व्हायच्या बाजूला मऊ असं होतं. किती खोल बसलाय ते पण मोजून ठेवा. दाबताना जोर बाहेरच्या कड्यावर आला पाहिजे, त्या मापाचा पाइपचा तुकडा लावून, आतल्या नळीवर दाबलं की नवं रबर तिथंच सुटतं आणि वरनं दिसत पण नाही. रबर बसताना अडलं तर साबणाचं पाणी लावा, ग्रीस किंवा इंजिन ऑइल नको, तेलानं रबर फुगून मऊ पडतं. घणानं ठोकू देऊ नका आणि जुना बुश गॅसनं जाळून काढतो म्हणाला तर आर्म उचलून सरळ बाहेर या. आर्मची ताकद जाते, आणि तो धूर पण विषारी असतो.

आता सगळ्यात महत्त्वाचं, आणि हे मी स्वतः भोगलंय. वडिलांच्या गाडीचे बुश मी पहिल्यांदा घरच्या अंगणात बदलले, उद्यमनगरातनं प्रेस करून आणले, गाडी स्टँडवर, आर्म लावला, सगळे बोल्ट तिथंच जोर लावून आवळले आणि चाकं चढवून गाडी खाली घेतली. आवाज गेला, वडील खूश. चार महिन्यांत परत ठक. खोलून बघतो तर नव्या रबराला नळीच्या एकाच बाजूनं अर्धचंद्रासारखी चीर, बोट आत जाईल एवढी. माल खराब नव्हता. गाडी वर असताना चाक लोंबतं, आर्मचं टोक तीन-चार इंच खाली जातं, आणि त्या लोंबत्या अवस्थेत मी आतली नळी बोल्टनं जाम करून टाकली. गाडी खाली आली, आर्म वर आला, आणि रबर कायमचं पिळलेलं राहिलं. गाडी घरासमोर नुसती उभी असताना पण ते रबर रात्रंदिवस ताणात होतं, वर रस्त्याचा मार वेगळाच. आज पण मला वडिलांनी दिलेले ते पैसे आठवतात.

म्हणून बुशच्या बोल्टांना गाडी वर असताना फक्त हातानं नट लावा, शेवटचा टाइट गाडीचं वजन चाकांवर आल्यावर. खड्डा किंवा चार खांबांची लिफ्ट असेल, अलाइनमेंटवाल्याकडं असतेच, तर चाकं चढवून, गाडी दोन-तीनदा दाबून हलवून, मग खालनं आवळा. तसली सोय नसेल तर काम सुरू करायच्या आधीच, गाडी सपाट जागेवर उभी असताना, चाकाच्या मधल्या बिंदूपासनं वर मडगार्डच्या कडेपर्यंत टेप लावून माप कागदावर लिहा. नंतर गाडी स्टँडवरच ठेवून, आर्मच्या बॉल जॉइंटकडच्या टोकाखाली दुसरा जॅक लावून चाकाची बाजू हळूहळू वर घ्या, ते लिहिलेलं माप आलं की थांबा आणि तिथं बोल्ट आवळा. उचलताना गाडी स्टँडवरनं सुटत नाही ना ते बघत राहा. किती आवळायचा तो आकडा तुमच्या गाडीच्या मॅन्युअलमधी न्यूटन मीटरमधी असतो, टॉर्क पाना वापरा, अंदाजपंचे नको. जे नट एकदाच वापरायचे असतात ते नवे घ्या, बॉल जॉइंटची स्प्लिट पिन नवी घाला, आणि आर्म काढताना एबीएसची वायर आणि ब्रेकचा होज ताणला जात नाही ना बघा.

काम करायच्या आधी गॅरेजवाल्याला एकच प्रश्न विचारा, आर्मचे बोल्ट शेवटी कधी आवळणार? गाडी खाली घेऊन, असं लगेच म्हणाला तर बिनधास्त गाडी सोडा. काय फरक पडतोय म्हणाला तर किल्ली परत घ्या.

उजव्या बाजूचे पण बुश बरोबरच बदला, तेवढेच किलोमीटर त्यांचे पण झालेत. मग अलाइनमेंट करा, आधी करू नका, पैसे वाया जातात. खाल्लेला टायर नीट होणार नाही, तारा दिसायला लागल्या असतील तर ह्या शनिवारी त्यावर साळवणला जाऊ नका. शंभरेक किलोमीटर झाल्यावर चाकाचे नट एकदा तपासून घ्या.

प्रश्न : सर, आमच्याकडं शिरोळला २०२१ च्या जुलैमधल्या पुरात चाकं बुडेपर्यंत पाण्यात उभी राहिलेली एक सेडान मिळतेय, किंमत कमी आहे. रबराचे बुश पाण्यानं खराब होतात का?
एक वाचक, शिरोळ

उत्तर : दोन-चार दिवस पाण्यात राहून रबर मरत नाही. खरा त्रास बोल्टचा होतो. पुराचं गाळाचं पाणी बुशच्या आतल्या नळीत आणि बोल्टच्या मधी शिरतं, वरनं गाडी धुतली तरी तिथलं वाळत नाही, वर्षा-दोन वर्षांत बोल्ट नळीला गंजून एकजीव होतो. मग बुश बदलायला गेलं की पाना लावल्यावर बोल्टबरोबर नळी पण फिरते आणि रबर नुसतं पिळतं, शेवटी दोन्ही बाजूनं आरीनं कापायची पाळी येते. घ्यायच्या आधी रॅम्पवर चढवून लोअर आर्मच्या बोल्टांची डोकी बघा, क्रॉस मेंबरच्या भोकांत बोट घालून वाळलेला गाळ निघतो का बघा, लिंक रॉड आणि बॉल जॉइंटचे रबरी टोप दाबून बघा, आत पाणी गेलेलं असलं की पिचकन तांबूस ओल येते. व्हील बेअरिंगची गुणगुण ऐकायला चालवून पण बघा. घेतलीच तर बोल्ट काढायच्या आदल्या रात्री गंज सोडवायचं तेल सोडून ठेवा, रबर वाचवत. आणि कापलेल्या बोल्टच्या जागी हार्डवेअरच्या दुकानातला मिळेल तो बोल्ट घालू नका, जुन्याच्या डोक्यावर ८.८ का १०.९ असा आकडा असतो तो बघून त्याच ग्रेडचा, त्याच लांबीचा घ्या, शक्यतो कंपनीचाच.

वायरिंग आणि एअरबॅगचं बघायला वेगळा माणूस न्या, तो माझा विषय नाही.

प्रश्न : ओळखीचा एक जण म्हणतोय की साधे रबरी बुश काढून पॉलियुरेथेनचे लाव, आयुष्यभर बघायला नको. गाडीत बहुतेक वेळा आई असते, तिचं पाठीचं ऑपरेशन झालंय. लावू का?
एक वाचक, इचलकरंजी

उत्तर : ताई, आईंसाठी गाडी असेल तर नका लावू. पॉलियुरेथेन टिकतं, तेलाला दाद देत नाही, वळणावर गाडी घट्ट वाटते, हे सगळं खरं. पण ते रबरापेक्षा कडक असतंय, रबर जो बारका धक्का आणि थरथर गिळून टाकतं ती सीटपर्यंत येते, आणि ज्या पाठीवर टाके पडलेत तिला हायवे सोडून गावातल्या रस्त्याला वळलं की लगेच कळतं. शिवाय त्यातले बरेचसे बुश पिळत नाहीत, नळीवर फिरतात, म्हणून त्यांना ठरावीक सिलिकॉन ग्रीस लागतं आणि ते सुकलं की करकरतात. कंपनीचे साधे रबरी बुश लावा, बोल्ट गाडी खाली घेऊन आवळून घ्या, आणि टायरमधली हवा दाराजवळच्या स्टिकरवर लिहिलीय तेवढीच ठेवा. लई ठिकाणी विचारायच्या आधीच जास्त भरतात, तिथं पण आईंच्या पाठीला फरक पडतो.

प्रश्न : थंडीत सकाळी गाडी काढली की गतिरोधकावर चूंईऽऽ असा आवाज येतो, दुपारी नाही. मित्र म्हणतो इंजिन ऑइल सोड, जातोय.
एक वाचक, कागल

उत्तर : ऑइल सोडू नका, दोन दिवस आवाज जाईल आणि रबर फुगून कायमचं जाईल. बहुतेक स्टॅबिलायझर बारचे (वळणावर गाडी कलू नये म्हणून दोन्ही चाकांना जोडणारी दांडी) इंग्रजी डी आकाराचे दोन बुश असणार, थंडीत रबर कडक होतं आणि आतल्या बारीक मातीवर बार घासतो. सकाळी गाडी गार असताना कपड्याला पाणी मारायच्या फवाऱ्यानं एकाच बुशवर साधं पाणी मारा आणि बोनेटच्या कोपऱ्यावर गाडी दाबून बघा. आवाज थांबला तर तोच बुश. थांबला नाही तर दुसऱ्यावर मारा. एका वेळी एकच, सगळीकडं मारलं तर काही कळणार नाही. दोन्ही बुश एकदम बदला, बार जिथं घासतो ती जागा चिंधीनं पुसून गंज असेल तर पॉलिश पेपरनं साफ करा आणि नवे बुश कोरडेच बसवा.